आधी मीठ

आमचा बारा-पंधरा जणांचा एक ग्रुप आहे. कल्याण, ठाकुर्ली, डोंबिवली, शहाड आणि एक जण ठाण्याचा. सगळे नोकरीधंद्याचे, पोराबाळांचे, आणि सगळ्यांना एकच व्यसन: तलवारी, राक्षस आणि मंत्रतंत्र असलेला एक व्हिडिओ गेम. त्यात कोणी योद्धा होतो, कोणी तिरंदाज, कोणी मांत्रिक. मांत्रिक झालेला नवा माणूस पंधरा दिवसांत ग्रुपवर हमखास एकच प्रश्न टाकतो, ‘माझा डॅमेज का वाढत नाही?’ म्हणजे मंत्राचा मार राक्षसाला हवा तसा बसत का नाही. त्यावर कोणीतरी लगेच लिहितं, ‘आधी मीठ टाक.’

मागच्या आठवड्यात असंच झालं. नव्या माणसाने विचारलं, ‘मीठ म्हणजे कुठली वस्तू? मला तर खेळात कुठे दिसत नाही.’ ज्याने उत्तर दिलं होतं त्यालाही माहीत नव्हतं. ‘सगळे बोलतात म्हणून मी पण बोललो,’ असं त्याने प्रामाणिकपणे लिहिलं. मग शहाडच्या रोशन भोईरने माझं नाव घालून टाकलं, ‘मंदार, काकूंचं तूच सांग.’ मी लिहायला बसलो आणि ते ग्रुपवर मावेना, म्हणून इथे लिहितोय.

काकू म्हणजे शैला परचुरे. ठाकुर्लीला आमच्या बरोबर वरच्या फ्लॅटमध्ये राहायच्या. यजमान बऱ्याच वर्षांपूर्वी गेलेले, मुलगी मुग्धा बंगळुरात. काकूंनी शहाडच्या एका कापडगिरणीच्या रंगाच्या लॅबमध्ये चौतीस वर्षं काढली होती. गिऱ्हाईक कापडाचा एक तुकडा पाठवायचं आणि म्हणायचं, हाच रंग हवा. मग कुठला रंग किती थेंब, पाणी किती, किती वेळ, हे सगळं बोटभर पट्टीवर करून बघून ठरवायचं, हे काकूंचं काम. गिरणी बंद पडली, काकू घरी बसल्या, पण लॅबमधून त्या कधी बाहेर आल्याच नाहीत. टोमॅटो घ्यायचे तर दुकानातल्या दिव्याखालून उचलून रस्त्यावर आणून बघायच्या. भाजीवाला वैतागून म्हणायचा, ‘काकू, घेऊन पळताय काय?’ रंग बघायचा तो उत्तरेच्या, थेट ऊन नसलेल्या उजेडात, हा त्यांचा धर्म होता. ‘ट्यूबलाइटमध्ये सगळं जुळतं रे,’ असं त्या म्हणायच्या, आणि ते फक्त कापडाबद्दल नसायचं. आमच्या सोसायटीतल्या एका मुलीचं लग्न पहिल्याच भेटीत ठरलं तेव्हा पेढा खाताना त्या हेच म्हणाल्या होत्या. वर्षभरात ती मुलगी माहेरी परत आली, आणि तिला पहिली नोकरी मिळवून दिली तीही काकूंनीच.

त्यांचं दुसरं वाक्य म्हणजे, ‘काय बदललंस?’ लिफ्ट बंद पडली, कुकर शिट्ट्या देईनासा झाला, कोणाचं डोकं दुखायला लागलं, काकूंचा प्रश्न ठरलेला. त्यामागचा नियम असा की एका वेळी एकच गोष्ट बदलायची. माझ्या आईने गुडघ्यांसाठी एकाच आठवड्यात तेल बदललं, चपला बदलल्या आणि डॉक्टरही बदलला. गुडघे बरे झाले. आई खूश, काकू नाखूश. ‘आता गुण कोणाला आला ते कसं कळणार?’ असं म्हणून त्या खरोखरच हिरमुसल्या. आईने पुढे दोन दिवस त्यांच्याशी बोलणं टाकलं होतं.

आता थोडं माझ्याबद्दल, कारण ते पुढे लागणार आहे. मला मदत करायची खोड आहे. समोरचा शब्द शोधत असला तर मी पटकन शब्द पुरवतो. जिन्यात कोणाच्या हातात पिशवी दिसली की ओढून घेतो. बायको म्हणते, ‘अरे, विचार तरी आधी.’ मला ते कधी सुचत नाही. मी चांगला माणूस आहे अशी माझी समजूत होती आणि ती बरीच वर्षं टिकली.

गिरणी बंद पडल्यावर तीन-चार वर्षांनी काकूंचा उजवा हात थरथरायला लागला. ठाण्याच्या डॉक्टरांनी कंपवात सांगितला, गोळ्या लिहून दिल्या आणि बोटांना व्यायाम म्हणून एक स्पंजचा चेंडू दाबायला दिला. काकूंनी तो चेंडू आठ दिवस दाबला आणि नवव्या दिवशी माझ्याकडे आणून ठेवला. म्हणाल्या, ‘याला काही उत्तर नाही रे. कितीही दाबा, दाबल्याचं काही दिसत नाही.’ मी तेव्हा आठवड्यातून तीनच दिवस ठाण्याच्या ऑफिसला जायचो, बाकी घरून काम. नवीन गेमिंगचा डबा घेतला होता आणि जुना माळ्यावर जाणार होता. तो मी काकूंच्या टीव्हीला लावून दिला, हातात रिमोटसारखं ते बटणांचं यंत्र दिलं, आणि म्हटलं, ‘हे दाबल्याचं दिसतं.’

मला वाटलं होतं त्या फळं कापायचा किंवा फुगे फोडायचा खेळ खेळतील. तिसऱ्या दिवशी वर गेलो तर काकू मांत्रिक झाल्या होत्या. पांढऱ्या दाढीचा, काठी घेतलेला, त्याचं नाव त्यांनी ठेवलं होतं ‘नमुना १’. पहिल्याच गावाबाहेर सरावासाठी एक गवताचं बुजगावणं उभं असतं. आम्ही सगळे त्याला दोन फटके मारून पुढे जातो. काकू तीन दिवस तिथेच उभ्या होत्या. त्याच्यावर आगीचा मंत्र टाकायच्या, वर उमटणारा आकडा मांडीवरच्या पुठ्ठ्यावर लिहायच्या, मग मांत्रिकाची एक अंगठी बदलायच्या आणि पुन्हा टाकायच्या. प्रत्येक गोष्टीचे दहा-दहा फटके.

‘काकू, पुढे राक्षस आहेत. खरी मजा तिकडे.’

‘राक्षस हलतात,’ काकू म्हणाल्या. ‘हा हलत नाही. हा साक्षीदार.’

तो पुठ्ठा म्हणजे गिरणीतलं जुनं शेडकार्ड होतं. एका बाजूला फिक्या गुलाबीपासून गडद तांबड्यापर्यंत दोऱ्याच्या गुंड्या टाचलेल्या, समोर लिहायला रकाने: तारीख, काय बदललं, निकाल आणि शेवटी ‘हात’. मी विचारलं, हा शेवटचा रकाना कसला? तेव्हा कळलं की गिरणीत तेच रंग, तेच पाणी, तेच घड्याळ असलं तरी दोन माणसांच्या हातची पट्टी सारखी निघत नाही. कोणी ढवळताना घाई करतं, कोणी पिळताना. म्हणून नमुना कोणाच्या हातचा ते लिहिल्याशिवाय कार्ड पुढे जायचं नाही. काकू खेळातला आकडा जितका मोठा तितक्या गडद दोऱ्यासमोर मांडायच्या आणि प्रत्येकापुढे लिहायच्या, ‘शै. प.’ खेळणाऱ्या त्या एकट्याच होत्या, तरी.

महिन्याभराने मी त्यांना माझा मांत्रिक कौतुकाने दाखवला. तेव्हा मी शेवटच्या राक्षसापाशी अडकलो होतो. लोखंडी राजा त्याचं नाव, डोंगराएवढा, आणि आगीचं त्याला काही वाटत नाही. मी अंगठ्या, माळा, झगा, जे जे म्हणून आगीचा जोर वाढवतं ते सगळं अंगावर चढवलं होतं. काकूंनी चष्मा पुसून एकेक वस्तू वाचली आणि म्हणाल्या, ‘तू नुसता रंग ओततोयस.’

‘म्हणजे?’

‘मीठ कुठाय?’

मग त्यांनी मला बसवून सांगितलं. कापडाला तहान असते तेवढाच रंग ते घेतं, बाकीचा पाण्यात राहतो आणि पाणी गटारात जातं. वर कितीही रंग ओता, गटार तेवढं रंगीत होतं. पाण्यात मीठ घातलं की रंग पाणी सोडून कापडाकडे वळतो. ‘मिठाला स्वतःचा रंग नसतो ना, म्हणून नवीन मुलं नेमकं तेच विसरतात.’ पुठ्ठ्याच्या मागे त्यांनी हिशेब मांडला. माझा आगीचा जोर तीनशेवीस. राजा शंभरातले सत्तर गिळतो, म्हणजे पोचतात शहाण्णव. जोराची एक अंगठी काढली तर जोर उरेल तीनशे. पण तिच्या जागी ती मळकट शिशाची अंगठी घातली, जिला स्वतःचा काहीच मार नाही, फक्त समोरच्याची कातडी पातळ करते, तर राजा सत्तरऐवजी चाळीसच गिळेल. तीनशेतले पोचतील एकशेऐंशी.

‘जोर जोरात मिळवलास तर बेरीज होते,’ काकू म्हणाल्या. ‘मीठ गुणाकार करतं.’

ती शिशाची अंगठी मी दुकानदाराला विकून टाकली होती. परत मिळवायला तीन दिवस लागले. ती घालून मी लोखंडी राजाला दुसऱ्याच प्रयत्नात पाडलं आणि ग्रुपवर फुशारकी मारली. पण अक्कल कोणाची ते मात्र सांगितलं, तेवढी लाज होती. त्या दिवसापासून काकू ग्रुपवर आल्या.

ग्रुपवर त्यांचं जमलं ते रोशनशी, आणि तेही भांडून. रोशन स्वतःचा टेम्पो चालवतो, शहाडजवळच्या गावचा, बोलायला फटकळ. त्याचा मांत्रिक विजेचा होता, सेकंदाला तीन मंत्र. काकूंचा आगीचा, एकेक मंत्र सावकाश, सहा-सहा सेकंद तयारी. रोशनने त्यांचा आकडा बघून फोनवरच सांगितलं, ‘काकू, राग नका मानू, पण तुमच्या मांत्रिकाचा बिल्ड एकदम स्लो हाय. सेकंदाला किती मार बसतो ते बघतात. मी तुमच्या दुप्पट मारतो.’

‘किती वेळा बटण दाबतोस राजाला पाडायला?’ काकूंनी विचारलं.

‘कोण मोजतंय? सहाशे-सातशे असतील.’

‘हिशेबाने मला एकसष्ट पुरतील.’

काकू म्हणाल्या, ‘तू सेकंद मोज. तुझ्याकडे बोटं भरपूर आहेत. मला सेकंद भरपूर आहेत, बोटं कमी आहेत.’

मला तोपर्यंत हे कळलं नव्हतं. घरी असलो की मी वर जायचो, बाजूला बसायचो, आणि काकूंना खेळाची गोडी लागली आहे एवढंच समजायचो. त्यांना एक गोष्ट करायची होती: लोखंडी राजाला स्वतःच्या हाताने पाडायचं, आणि हात ऐकेनासा व्हायच्या आत. गोळी अकराला असायची. ती लागू पडली की साडेअकरापासून साधारण तासभर हात शांत, म्हणून खेळ तेव्हाच. एका दाबात जास्तीत जास्त मार कसा बसेल, त्यासाठी ते सगळे दोरे आणि रकाने होते. एकसष्ट दाब म्हणजे त्यांचा हात जेमतेम पुरेल एवढे. तोही तास कमी होत चालला होता, चाळीस मिनिटांवर आला होता, आणि ते त्यांनी कार्डावर लिहूनही ठेवलं होतं.

अठरा वेळा त्या राजाकडून हरल्या. एकोणिसाव्या वेळी मी शेजारी बसलो होतो. राजा गुडघ्यांवर आला होता, केसभर जीव उरलेला. दोन मंत्र पुरे झाले असते. काकूंचा अंगठा बटणावर गेला आणि तिथेच अडकला. बोट दाबलंही जाईना, उचललंही जाईना. राजाने कुऱ्हाड वर नेली. मी त्यांच्या हातातून ते यंत्र घेतलं आणि दोनदा दाबलं.

राजा कोसळला. पडद्यावर सोनेरी अक्षरं आली, ढोल वाजले. मी म्हटलं, ‘काकू, जिंकलात.’

काकू पडद्याकडे बघत होत्या. मग म्हणाल्या, ‘छान झालं. चहा घेतोस?’

चहा झाला, गप्पा झाल्या. मी खाली आलो आणि बायकोला सगळं रंगवून सांगितलं. तिने शेवटी एवढंच विचारलं, ‘त्यांनी घे म्हटलेलं?’ मी म्हटलं, त्यात म्हणायचं काय.

संध्याकाळी रोशनचा फोन आला. ‘अरे, काकूंचा फोन आलेला. आदल्या दिवशीचा गेम परत कसा उघडायचा विचारत होत्या. मी बोललो, कशाला, तुम्ही तर जिंकल्यात ना. तर बोलल्या, नाही रे, मी नाही जिंकले. मना काय समजलं नाय. तुला माहितीय काय झालं?’

मला माहीत होतं. आणि मला जास्त लागलं ते हे की त्यांनी मला न विचारता रोशनला विचारलं. मी फक्त एक मजला खाली होतो.

दुसऱ्या दिवशी वर गेलो. कार्ड टेबलावर होतं. एकोणिसाव्या खेळाच्या ओळीत निकालाच्या जागी लिहिलं होतं, ‘नमुना बाद’, आणि हाताच्या रकान्यात, ‘दोन हात’. काकू रागावल्या नव्हत्या, हेच वाईट होतं. मी माफी मागायला तोंड उघडलं तर त्यांनी मला खिडकीशी बसवलं आणि गिरणीतली एक गोष्ट सांगितली.

नोकरीचं पहिलं वर्ष होतं. एक अबोली रंग जुळवायला त्यांना दिला होता. पाच दिवस झाले, जुळेना. गिऱ्हाईक घाई करत होतं. त्यांचे साहेब भले गृहस्थ होते. सहाव्या दिवशी सकाळी काकू आल्या तर पट्टी तयार, अगदी जुळलेली, कार्डावर टाचलेली, आणि हाताच्या रकान्यात काकूंची आद्याक्षरं. साहेबांनी आदल्या संध्याकाळी स्वतः बसून केली होती आणि पोरीला बोलणी बसू नयेत म्हणून तिचं नाव घातलं होतं. सगळीकडे काकूंचं कौतुक झालं. त्याच कौतुकावर त्यांची नोकरी कायम झाली.

‘भले होते रे ते. फार भले,’ काकू म्हणाल्या. ‘पण चाळीसेक वर्षं होत आली मंदार, मला अजून माहीत नाही की ती अबोली मला जमली असती की नाही. सहाव्या दिवशी जमली असती कदाचित. तेवढं एक कार्ड माझं कोरंच राहिलं.’

मी खाली मान घालून बसलो. माझ्या डोळ्यांत पाणी आलं होतं आणि ते त्यांना दिसलं. त्यांनी थरथरत्या हाताने माझ्यासमोर लाडवाची ताटली सरकवली. लाडू ताटलीत खडखडत होते. मी ताटली धरायला हात पुढे केला आणि मागे घेतला. ताटली माझ्यापर्यंत आली.

त्यानंतर दोन महिने काहीच झालं नाही. हाताचा तास अर्ध्या तासावर आला. एकसष्ट दाब आता होणारच नव्हते. ग्रुपवर रोशन आणि मी काकूंसाठी काय काय शोधून काढत होतो, पण आमच्या सगळ्या युक्त्या धडधाकट बोटांच्या होत्या. आणि मग एका सकाळी काकूंनी पाण्याच्या पाइपवर तीनदा ठोकलं. वर ये अशी ती आमची खूण होती. पावणेअकरा वाजले होते. म्हटलं, गोळीच्या आधी काय बोलावतायत?

पडद्यावर तेच बुजगावणं होतं. नमुना १ च्या गळ्यात एक माळ होती, जी मीही शंभर वेळा मोडीत काढली असेल. अर्धवट मंत्राची माळ. तिचा गुण असा की मंत्र तयार होत असताना बटण पुन्हा दाबलं गेलं आणि तो तुटला, तर पुढच्या मंत्राला थोडा जोर येतो. दहा वेळा तुटला तर दहापट साठतो. आता कुठला शहाणा मांत्रिक दहा वेळा मंत्र तोडत बसेल? तेवढ्यात राक्षस त्याला खाऊन टाकेल. मुद्दाम करायचं म्हटलं तरी अंगठा इतका भराभर चालत नाही. मी करून बघितलं होतं, चार वेळा होईपर्यंत अंगठा दुखायला लागतो.

‘बघ,’ काकू म्हणाल्या.

त्यांनी अंगठा बटणावर नुसता टेकवला. दाबला नाही. टेकवल्याबरोबर अंगठा आपला आपण थरथरायला लागला आणि बटण टकटकटकटक वाजलं. दोन सेकंदांत मांत्रिकाच्या काठीभोवती दहा ठिणग्या जमल्या.

‘आता,’ काकू म्हणाल्या आणि त्यांनी ठरवून बटण दाबलं. हात टेकून ठेवला की थरथरतो आणि काही करायला घेतला की थोडा वेळ थांबतो, असा त्यांच्या आजाराचा स्वभाव होता. डॉक्टरांनी तो पहिल्याच दिवशी सांगितला होता. ते आम्ही सगळ्यांनी ऐकलं होतं, लक्षात ठेवलं होतं ते काकूंनी. तेवढ्या वेळात मंत्र पुरा झाला. बुजगावण्यावर उमटलेला आकडा मी त्या खेळात कधी पाहिला नव्हता. कार्डावरच्या सगळ्यात गडद दोऱ्याच्याही खाली तो लिहावा लागला.

‘गोळी घेतल्यावर केलं तर याचा चौथा हिस्सा येतो. दोन्ही वेळा दहा-दहा फटके मारून बघितलेत,’ काकू म्हणाल्या. मग हाताकडे बघत, लॅबमध्ये एखादी नवीन पुडी आली असावी अशा आवाजात म्हणाल्या, ‘इतके दिवस मी याला घालवायला बघत होते. हे तर मीठ निघालं.’

राजाला पाडायला आता चौदा दाब लागणार होते. आठ दिवस त्यांनी फक्त बुजगावण्यावर सराव केला. टेकव, थांब, दाब. गोळी एकही दिवस चुकवली नाही, अकराची अकरालाच घेतली. बदललं एकच, खेळ गोळीच्या आधी आला.

नवव्या दिवशी सकाळी साडेदहाला मी वर होतो. रोशनने शहाडच्या पुलाखाली टेम्पो उभा केला होता आणि तो फोनवर होता. त्याला काही दिसत नव्हतं, मी सांगायचं असं ठरलं होतं. बसताना काकूंनी माझ्याकडे नुसतं बघितलं. मी दोन्ही हात मांड्यांखाली घातले आणि त्यांवर बसलो.

किती झाले, किती झाले, रोशन विचारत होता. सात, आठ. नवव्याला मंत्र राजाच्या बाजूने निघून गेला. दहा. अकराव्याला अंगठा पुन्हा तसाच अडकला. राजा जवळ येत होता. माझे तळवे मांड्यांखाली घामाने ओले झाले होते. काकू अंगठ्याशी बोलल्या, ‘हं, चल. घाई नाही.’ राजाची कुऱ्हाड बसली, मांत्रिक पडला, लंगडत उठला, थोडासा जीव शिल्लक होता. अंगठा सुटला आणि थरथरायला लागला. दहा ठिणग्या. अकरावा बसला. बारा. तेरा.

पंधराव्या दाबाला राजा पडला. नेम चुकला नसता तर चौदाच लागले असते. ढोल वाजले. फोनमधून रोशन, ‘काय झालं? अरे बोल ना,’ असं ओरडत होता. शेवटी काकूच म्हणाल्या, ‘झालं रे रोशन. पंधरा लागले.’ पलीकडे त्याने टेम्पोचा हॉर्न दाबला आणि दाबूनच धरला.

काकूंनी कार्ड ओढलं, पेन घेतलं आणि ओळ भरली. अक्षर तोवर मुंगीएवढं झालं होतं. हाताच्या रकान्यात ‘शै. प.’ लिहायला त्यांना बराच वेळ लागला. मग घड्याळ बघून अकराची गोळी घेतली आणि म्हणाल्या, ‘आता चहा.’ त्या दिवशीचा चहा मी केला, पण आधी विचारून.

आठ-नऊ महिन्यांनी मुग्धा त्यांना न्यायला आली. एकटं राहणं आता शक्य नव्हतं, आणि काकूंनीही खळखळ केली नाही. उत्तरेची खिडकी आहे का एवढं मात्र फोनवर आधी विचारून घेतलं होतं. जायच्या आदल्या दिवशी त्यांनी मला ते कार्ड दिलं. त्यानंतर दीड वर्षाने त्या बंगळुरातच गेल्या. मुग्धाने कळवलं की शेवटी हात पूर्ण थांबले होते, पण रोज सकाळी खिडकीशी खुर्ची लावून घ्यायच्या.

मला त्या शेवटच्या दिसल्या त्या आमच्या गेटपाशी, गाडीत मागच्या सीटवर बसलेल्या. सामान चढलं होतं, ड्रायव्हर घाई करत होता. काकूंनी सीटचा पट्टा ओढला आणि त्याचं टोक खाचेत घालायला लागल्या. पहिल्यांदा चुकलं, दुसऱ्यांदाही. टोक खाचेवर टकटक वाजत होतं. मुग्धा पलीकडून वाकली आणि म्हणाली, ‘आई, दे मी लावते.’

‘मुग्धा, थांब,’ मी म्हटलं. माझा आवाज जरा मोठाच निघाला. माझे स्वतःचे हात खिडकीतून आत जायला निघाले होते, ते मी खिशात घातले.

काकूंनी माझ्याकडे बघितलं नाही. त्यांनी हात आधी खाचेवर टेकवला, थरथरू दिला, मग दाबला. ड्रायव्हरने आरशातून बघितलं. गेटवरचा वॉचमन बघत होता. तिसऱ्यांदाही चुकलं.

चौथ्या खेपेला पट्टा लागला.